३३ सेकंदांची न्याहारी आणि आपल्या घरातले ‘खाली बस’

घरात हिंसा आहे की नाही हे ठरवण्याची आपल्या समाजाची एक सोपी पद्धत आहे. अंगावर वळ दिसतो का? हात मोडला का? रात्री शेजाऱ्यांनी आरडाओरडा ऐकला का? यातले काहीच नसेल तर ते घर ‘चांगले’. मग त्या घरातली बाई चारचौघांत बोलता बोलता मध्येच गप्प का होते, बापाची चप्पल दारात वाजली की मुले आवाज का बंद करतात, हे कुणी विचारत नाही. विचारलेच तर उत्तर तयार असते, घरोघरी मातीच्या चुली.

या तयार उत्तराला सुरुंग लावणारी एक फिल्म आहे. अवघी १२ मिनिटांची. तिच्यात कुणी कुणाला मारत नाही, कुणी धाय मोकलून रडत नाही, कुणाचा खून होत नाही. एक कुटुंब सकाळी टेबलाशी न्याहारी करत आहे, एवढेच तिच्यात आहे. ऑस्ट्रियाचा दिग्दर्शक मार्टिन आर्नोल्ड याने १९९३ मध्ये ही प्रायोगिक फिल्म केली. नाव फ्रेंच आहे, ‘पासाझ आ लाक्त’. चळवळीतल्या तरुणांनी ती का पाहावी आणि पाहिल्यावर तिला कोणते प्रश्न विचारावेत, यासाठी हा लेख आहे.

आधी ती कशी बनली ते समजून घेऊ, कारण तिची सगळी ताकद बनवण्याच्या रीतीत आहे. आर्नोल्डचा जन्म १९५९ सालचा, व्हिएन्ना शहरातला. त्याने मानसशास्त्राचा आणि कलेच्या इतिहासाचा अभ्यास केला. या फिल्मसाठी त्याने कॅमेरा हातात घेतलाच नाही. नट नाहीत, सेट नाही, नवे संवाद नाहीत. ‘टु किल अ मॉकिंगबर्ड’ हा १९६२ चा प्रसिद्ध अमेरिकन चित्रपट त्याने घेतला आणि त्यातला न्याहारीच्या प्रसंगाचा फक्त ३३ सेकंदांचा तुकडा बाजूला काढला. जुन्या फिल्मवरची एकेक चौकट नव्या फिल्मवर पुन्हा उतरवणारे एक यंत्र असते, त्याला ऑप्टिकल प्रिंटर म्हणतात. त्या यंत्रावर त्याने हा तुकडा दोन चौकटी पुढे, एक चौकट मागे, पुन्हा पुढे, पुन्हा मागे असा फिरवला.

हिशोब करून पाहा. चित्रपटात एका सेकंदात २४ चौकटी असतात. म्हणजे ३३ सेकंदांच्या ७९२ चौकटी. त्यांच्यापासून सुमारे १२ मिनिटांची, म्हणजे जवळपास १७,२८० चौकटींची फिल्म झाली. मूळ तुकड्याच्या साधारण बावीसपट. बाहेरून एकही नवे दृश्य आणलेले नाही. जे होते तेच आहे, फक्त ते पुढे सरकायला नकार देते.

मूळ चित्रपटात हा प्रसंग डोळ्यांसमोरून सर्रकन निघून जातो. मुलीचा शाळेचा पहिला दिवस आहे. एरवी मुलांसारखे कपडे घालून हुंदडणाऱ्या या मुलीला त्या दिवशी फ्रॉक घालावा लागला आहे आणि ती अवघडलेली आहे. भाऊ निघायची घाई करतो, बहीण घास संपवते, वडील शिस्त लावतात, पाहणाऱ्याला हसू येते. किती गोड कुटुंब! आर्नोल्डच्या हातात पडल्यावर हाच प्रसंग दुसरे काही सांगू लागतो. जाळीचे दार आपटल्याचा आवाज पुन्हा पुन्हा येत राहतो आणि मशीनगन चालल्यासारखा वाजू लागतो. वडिलांचे ‘खाली बस’ हे दोन शब्द तुटून तुटून येतात, शेवटी त्यांचा अर्थ गळून पडतो आणि नुसता दरारा उरतो. मुलगा बहिणीवर खेकसतो, ‘लवकर कर’. ती म्हणते, ‘करतेय ना’. बापाने मुलाला बसवले, मुलाने बहिणीला दटावले. हुकूम वरून खाली कसा घरंगळत येतो हे एका टेबलावर दिसते. त्यात सगळ्यात खाली आहे ती टेबलावरची सगळ्यात लहान मुलगी.

आमच्या अभ्यासवर्गात ही फिल्म लॅपटॉप प्रोजेक्टरला जोडून दाखवली गेली. पहिल्या मिनिटाला दोन-तीन मुले उठून वायर तपासायला गेली. त्यांना वाटले नेट अडकले. फिल्मच अशी आहे म्हटल्यावर काही जण हसले. मग मागे बसलेल्या एका ताईंनी विचारले, “ह्यो त्या पोराला किती वेळा खाली बसवणार?” एका मुलाने समजावले, “तो एकदाच बसवतो ताई. फिल्मवाल्याने तेच परत परत दाखवलंय.” ताई म्हणाल्या, “एकदाच कशाला? रोज सकाळी बसवत असंल की.”

आमच्या मते या फिल्मवर याहून नेमके भाष्य करणे अवघड आहे. त्या ताई बचत गटाच्या बैठकीसाठी लवकर येऊन बसल्या होत्या. युरोपातल्या प्रायोगिक सिनेमाशी त्यांचा कधी संबंध आला नव्हता. तरी फिल्म त्यांना कळली, कारण त्या घर ओळखतात. आपण कोणताही हुकूम एकदा ऐकतो तेव्हा तो साधी सूचना वाटतो. घरातला हुकूम कधीच एकदा दिलेला नसतो. तो काल दिलेला असतो, आज दिला जातो, उद्या दिला जाणार असतो. आर्नोल्डने एक सकाळ बावीसपट ताणली. घरात तीच सकाळ वर्षाला ३६५ वेळा येते.

समाजकार्याच्या निमित्ताने आम्ही वस्तीत कुटुंबांच्या तक्रारी ऐकतो. तिथे एक गोष्ट सतत जाणवते. आमच्या हातातला कागद घटना विचारतो. कधी झाले? कुठे झाले? कशाने मारले? साक्षीदार कोण? समोर बसलेली बाई मात्र घटना सांगत नाही. ती म्हणते, “तसं काही नाही, रोजचंच आहे.” आणि तिथे पेन थांबते. ‘रोजचंच’ लिहायला कागदावर रकाना नसतो. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण करणारा आपला २००५ चा कायदा २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू झाला. त्याची व्याख्या व्यापक आहे. शारीरिक, लैंगिक, शाब्दिक आणि भावनिक, तसेच आर्थिक अशा सगळ्या छळाला तो हिंसा मानतो. पण संरक्षण अधिकारी जो कागद भरतो त्याचे नाव मात्र ‘घटना अहवाल’. व्याख्या रोजच्या जगण्यापर्यंत पोहोचली, पण विचारणाऱ्यांची सवय अजून घटनेपाशीच अडली आहे. मारलेले दिसले तरच आम्हाला ऐकू येते.

आता फिल्मच्या नावाकडे पाहा. ‘पासाझ आ लाक्त’ ही फ्रेंच मनोविश्लेषणातली संज्ञा आहे. मनात साचलेले एकदम कृतीत उतरणे, विचाराची पायरी ओलांडून थेट कृतीवर जाणे, असा तिचा साधारण अर्थ. बहुतेक वेळा ती कृती हिंसक असते. म्हणजे नाव सांगते की आता काहीतरी भयंकर होणार. आणि फिल्ममध्ये ते होत नाही. थप्पड बसत नाही, ताट फेकले जात नाही. बारा मिनिटे आपण त्या कृतीच्या उंबरठ्यावर ताटकळत उभे राहतो. आमच्याशी बोलणाऱ्या अनेक स्त्रियांचे आयुष्य नेमके याच उंबरठ्यावर जाते. मार बसला की निदान तो बसून संपतो. बसेल की नाही या अंदाजात जगणे संपत नाही.

आता मुख्य प्रश्नाकडे येऊ. आर्नोल्डने तुकडा कुणाच्या घरातला घेतला? एखाद्या दारुड्याच्या, जुलमी बापाच्या घरातला घेतला असता तर फिल्मला फारसा अर्थ राहिला नसता. त्याने घर निवडले ते ॲटिकस फिंचचे.

ज्यांनी तो चित्रपट पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. हार्पर ली यांची मूळ कादंबरी १९६० सालची, तिला १९६१ मध्ये पुलित्झर पारितोषिक मिळाले. रॉबर्ट मलिगन यांनी त्यावर चित्रपट केला. काळ १९३० च्या दशकातल्या मंदीचा, गाव अमेरिकेच्या अलाबामा राज्यातले. टॉम रॉबिन्सन या कृष्णवर्णीय माणसावर गोऱ्या मुलीवर बलात्कार केल्याचा खोटा आरोप येतो. ॲटिकस हा गोरा वकील गावाचा रोष पत्करून त्याचे वकीलपत्र घेतो. या भूमिकेसाठी ग्रेगरी पेक यांना ऑस्कर मिळाले. २००३ मध्ये अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटने अमेरिकन सिनेमातल्या नायकांची यादी केली तेव्हा ॲटिकस फिंचला पहिला क्रमांक दिला. मुले त्याला नावाने हाक मारतात. तो हळू आवाजात बोलतो, मुलांवर हात उगारत नाही. अमेरिकेच्या उदारमतवादी मनाला ‘बाप असावा तर असा’ वाटावे, असा हा बाप.

आणि आर्नोल्डचे ते दार मशीनगनसारखे वाजते ते याच घरात. त्यामुळे फिल्म एका वाईट माणसाबद्दल राहत नाही. ती घराच्या रचनेबद्दल होते. टेबलाच्या प्रमुख जागी कोण बसतो, कुणाच्या एका शब्दाने बाकीच्यांचे हातपाय हलतात आणि थांबतात, याबद्दल होते. माणूस चांगला असला तरी ती रचना आपले काम करत राहते. कोर्टात न्यायासाठी झगडणारा माणूस घरात ज्या खुर्चीवर बसतो ती खुर्ची त्याने घडवलेली नसते, पण तो तिच्यावर बसतो. आर्नोल्डने स्वतः हॉलिवूडच्या सिनेमाबद्दल असे म्हटले आहे की तो वगळण्याचा आणि दडपण्याचा सिनेमा आहे, जे दाखवले जाते त्याच्या मागे न दाखवलेले काहीतरी सतत असते. ते बाहेर काढायला त्याने फक्त वेळ वापरला. पाहणाऱ्याला पुढे जाऊ दिले नाही.

टेबलावरची एक बाईही लक्षात घ्या. पुरुष, बाई, मुलगा, मुलगी असे चौघे दिसतात. आमच्या वर्गातल्या मुलांनी ती बाई मुलांची आई आहे असे क्षणात ठरवून टाकले. प्रत्यक्षात ॲटिकस विधुर आहे आणि ती शेजारीण आहे, मिस मॉडी. पुरुषाच्या शेजारी मुलांसोबत बाई बसलेली दिसली की ती बायकोच असणार, हे आपला डोळा परस्पर ठरवतो. ते ठरले की तिने गप्प राहणेही आपल्याला नैसर्गिक वाटते.

इथपर्यंत आम्ही आर्नोल्डच्या बाजूने बोललो. आता त्याला आपला प्रश्न विचारला पाहिजे. टेबलाशी चौघे आहेत. न्याहारी कुणी केली?

मूळ चित्रपटात त्या घरात कॅलपर्निया आहे. ती कृष्णवर्णीय आहे. स्वयंपाक ती करते, आई नसलेल्या या दोन मुलांना वाढवते ती, शिस्तही लावते ती. एस्टेल इव्हान्स या अभिनेत्रीने ती भूमिका केली आहे. पण टेबलाशी जेवायला बसलेल्या त्या चौघांत कॅलपर्निया नाही. ज्या घराचा मालक कृष्णवर्णीयासाठी कोर्टात उभा राहतो, त्याच घराच्या टेबलावर कृष्णवर्णीय बाईला जागा नाही. तिच्या पोटात कोणता ताण होता? तिला स्वतःच्या घरी पोहोचायला किती वाजत होते? ‘खाली बस’ हे शब्द तिला कधी कुणी प्रेमाने तरी म्हटले का?

आर्नोल्डचे यंत्र याचे उत्तर देऊ शकत नाही. ते यंत्र कॅमेऱ्याने जे टिपले तेच पुढे-मागे फिरवू शकते. टेबलावरच्या चौघांमधली दडपलेली हिंसा ते बाहेर काढते. पण जिला टेबलावर बसवलेच नाही तिचे मन तुम्ही चौकटी कितीही वेळा फिरवल्या तरी दिसणार नाही. युरोपातल्या समीक्षेत या फिल्मची चर्चा ‘अमेरिकन कुटुंबाच्या शांत चेहऱ्यामागचे युद्ध’ अशी होते. ती बरोबरच आहे. पण कुटुंब कुणाला म्हणायचे, त्यात कोण मोजायचे आणि कोण वगळायचे, हा प्रश्न त्याच्याही आधीचा आहे. पंगतीबाहेर बसवल्या गेलेल्यांच्या वंशजांना हा प्रश्न शिकवावा लागत नाही.

हा चित्रपट आला तो काळही पाहा. १ फेब्रुवारी १९६० रोजी नॉर्थ कॅरोलिनातल्या ग्रीन्सबरो शहरात चार कृष्णवर्णीय विद्यार्थी वूलवर्थ दुकानातल्या गोऱ्यांसाठी राखीव असलेल्या जेवणाच्या काउंटरवर जाऊन बसले. मागवलेले मिळाले नाही तरी उठले नाहीत. त्यातून अमेरिकेच्या दक्षिणेत बसून करायच्या सत्याग्रहांची लाट आली. मे १९६३ मध्ये अलाबामातल्याच बर्मिंगहॅम शहरात शाळकरी मुले रस्त्यावर उतरली आणि त्यांच्यावर पोलिसांनी कुत्री सोडली, पाण्याचे जोरदार फवारे मारले. पडद्यावर एक गोरा मुलगा टेबलाशी बसायला कंटाळतो आहे, आणि पडद्याबाहेर त्याच देशातले कृष्णवर्णीय टेबलाशी बसता यावे म्हणून मार खात आहेत. महाडचे तळे ज्यांनी वाचले आहे त्यांना या दोन चित्रांचा अर्थ उलगडून सांगायची गरज नाही.

आर्नोल्डची फिल्म ऑस्ट्रियात झाली, तर तिथली घरेही पाहिली पाहिजेत. १८११ च्या तिथल्या नागरी संहितेने नवऱ्याला कुटुंबाचा प्रमुख ठरवले होते. ही तरतूद कागदावरून जायला १ जानेवारी १९७६ उजाडावा लागला. तेव्हा कायद्याने पती-पत्नी समान भागीदार झाले. १९७८ मध्ये व्हिएन्नात छळ झालेल्या स्त्रियांसाठी पहिले आश्रयगृह उघडले. १९८९ मध्ये दोन मोठ्या गोष्टी झाल्या. लग्नातला बलात्कार गुन्हा ठरला आणि मुलांना मारण्यावर कायद्याने बंदी आली. अशी बंदी आणणारा ऑस्ट्रिया हा स्वीडन, फिनलंड आणि नॉर्वे यांच्यानंतरचा जगातला चौथा देश. योगायोग असा की त्याच वर्षी आर्नोल्डची ‘पियेस तूशे’ ही फिल्म आली. तिच्यात १९५४ च्या एका अमेरिकन चित्रपटातले १८ सेकंद आहेत. बाई खुर्चीत वाचत बसली आहे, पुरुष दार उघडून घरात येतो, तिचे चुंबन घेतो, एवढेच दृश्य सुमारे १६ मिनिटे थरथरत राहते. पुढे १ मे १९९७ पासून ऑस्ट्रियात असा कायदा लागू झाला की छळणाऱ्या माणसाला पोलीस घराबाहेर काढू शकतात. बाईने मुले घेऊन पळायचे नाही, मारणाऱ्याने बाहेर जायचे. एका फिल्मने कायदे होत नाहीत. पण एखादा समाज घराच्या आतले पाहायला शिकू लागतो तेव्हा त्याच्या कायद्यात आणि कलेत दोन्हीकडे ते उतरते. आपल्याकडे १ जुलै २०२४ पासून नवी न्याय संहिता लागू झाली, पण लग्नातल्या बलात्काराला दिलेली सूट तिनेही कायम ठेवली. नाव भारतीय केले, नवऱ्याचा जुना हक्क तसाच ठेवला.

या फिल्मवर काही आक्षेप घेतले जातात, आमच्या वर्गातही घेतले गेले. त्यांना उत्तर दिले पाहिजे.

पहिला आक्षेप फिल्मच्या प्रामाणिकपणाचा. कोणतेही दृश्य असे मागे-पुढे केले तर ते भेसूरच दिसेल, मग हे मूळ कुटुंबावर अन्याय नाही का? बहिणीसाठी थांब, बस, असे बापाने मुलाला सांगणे ही काय हिंसा झाली? हा आक्षेप खोटा नाही. तंत्राने भीती वाढवली आहे, यात शंका नाही. म्हणून ही फिल्म कोर्टातला पुरावा म्हणून चालणार नाही. ती भिंगासारखी वापरायची असते. भिंगातून हात पाहिला की केस दोरखंडाएवढा दिसतो. केस तेवढा जाड नसतो, पण भिंगाने तो तयारही केलेला नसतो. आर्नोल्डने बापाच्या तोंडी एकही शब्द घातलेला नाही.

दुसरा आक्षेप, हे युरोपातल्या मोठ्या लोकांचे चोचले आहेत, आपल्या माणसांना याचा काय उपयोग? त्या ताईंचे वाक्य आम्ही वर दिले आहे, तेच याचे उत्तर. कोलंबिया आणि लंडनच्या ग्रंथालयांत बसून जगातले ज्ञान आपल्यासाठी आणणाऱ्या माणसाचे आपण अनुयायी आहोत. अमुक कला आपल्यासाठी नाही, हे आपल्याला आजवर इतरांनी सांगितले. ते आपण स्वतःला का सांगायचे?

तिसरा आक्षेप सगळ्यात गंभीर. घरातल्या गोष्टी चव्हाट्यावर आणल्या तर चळवळ दुबळी होते, विरोधकांना आयते कोलीत मिळते. हे आम्ही अनेक बैठकांत ऐकले आहे. पण २० जुलै १९४२ रोजी नागपूरच्या महिला परिषदेत हजारो स्त्रियांसमोर बाबासाहेबांनी काय सांगितले? समाजाची प्रगती स्त्रियांनी केलेल्या प्रगतीवरून आपण मोजतो, असे सांगितले. लग्न करणाऱ्या मुलीने नवऱ्याची मैत्रीण आणि बरोबरीची म्हणून उभे राहावे, दासी होण्यास नकार द्यावा, असे सांगितले. ते उघड व्यासपीठावर सांगितले, तेही देशात राजकीय लढा ऐन भरात असताना. १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपद सोडले, त्यामागे हिंदू कोड बिलाची सरकारने लावलेली वासलात हे एक मोठे कारण होते. घराचा प्रश्न त्यांनी कधी नंतरसाठी ठेवला नाही. मग आपण तो कुणाच्या सांगण्यावरून पुढे ढकलतो?

आमच्या ओळखीचे एक घर आहे. नवरा धडाडीचा कार्यकर्ता. एप्रिल महिन्यात एक दिवस घरी सापडत नाही, समतेवर बोलतो तेव्हा सभा स्तब्ध होते. दारू नाही, मारहाण नाही, हुंड्याला हात लावला नाही. बायको त्याच्याइतकीच शिकलेली, लग्नाआधी आमच्या शिबिरांत संचालन करणारी. ती हळूहळू यायची बंद झाली. विचारले की तो म्हणतो, “तिला वेळ मिळत नाही.” एकदा ती एकटी भेटली तेव्हा आम्ही तिला विचारले. ती म्हणाली, “ते वाईट नाहीत हो. फक्त ते आले की मी उठते.”

ते आले की मी उठते. रात्री अकराला पाचजण घेऊन आले, ती उठली. सकाळी पेपर वाचत बसली होती, ते बाहेर आले, ती उठली. कुणी तिला ‘ऊठ’ म्हटले नाही. फिंचच्या घरात निदान हुकूम तोंडाने द्यावा लागत होता. इथे तो इतका मुरला आहे की उच्चारावाही लागत नाही. या घराचे ३३ सेकंद कुणी आर्नोल्डच्या यंत्रावर घातले तर काय ऐकू येईल? कदाचित फक्त खुर्ची सरकल्याचा आवाज. बारा मिनिटे.

हा नवरा खलनायक नाही, म्हणूनच त्याचे उदाहरण घेतले. खलनायकाविरुद्ध मोर्चा काढता येतो. पण या घरात चळवळीने एक चांगली संचालिका गमावली आणि कुणाच्या लक्षातही आले नाही, कारण ‘घटना’ काही घडलीच नव्हती. अशा किती जणी आपण गमावल्या याची नोंद कोणत्याही संघटनेच्या वहीत नाही.

मित्रहो, आमची सूचना साधी आहे. येत्या शिबिरात स्त्री-पुरुष समतेवर आणखी एक भाषण ठेवू नका. ही १२ मिनिटे दाखवा. मुले वायर तपासायला उठली तर त्यांना खाली बसवा, एवढा एक हुकूम चालेल. फिल्म संपली की आधी पुरुषांना बोलू देऊ नका. आधी बायकांना विचारा, मग लहान मुलांना विचारा, तुमच्या घरात रोज पुन्हा पुन्हा ऐकू येणारे वाक्य कोणते? ती वाक्ये फळ्यावर लिहा. नावे लिहू नका, फक्त वाक्ये लिहा. पुरुषांनी तो फळा मान खाली न घालता पूर्ण वाचावा आणि त्यातले आपले वाक्य कोणते ते मनात ओळखावे.

आणि उठायच्या आधी आणखी एक प्रश्न विचारा, जो आर्नोल्डच्या फिल्मला विचारता येत नाही, पण आपल्याला विचारता येतो. या शिबिराचा चहा आणि जेवण कुणी केले, आणि ती माणसे आत्ता या खोलीत बसलेली आहेत का? नसतील तर शिबिर तिथेच थांबवा आणि त्यांना आत बोलावून आपल्या शेजारी बसवा. समतेचे पुढचे सत्र त्यानंतर सुरू करा.

जय भीम.